माळीणबाईचं लेकरू

“थे पोट्टं उठलं काय जी?”

फोनवर कुणी बाई बोलत होती. पंजाबराव गावंडे कीर्तनकार पुंजाराम महाराजांना गाडीत बसवून नुकतेच फाटकातून आत आले होते. कपाळावरचा बुक्का तसाच होता. स्वागतकक्षात कुणी नव्हतं, म्हणून वाजणारा फोन त्यांनीच उचलला.

“कोणतं पोट्टं, माय?”

“आता ग्या माय, कोणतं म्हंता! माळीणबाईचं. साप डसलेलं. मी धामणगाव रेल्वेहून बोलून राहिली. तिनं लेकराच्या आंगावर लुगडं टाकलं, हार गुंफाले बसली, आन् मधातच गुडघ्याच्या तेलाची जाहिरात लागली. तवापासून टीवीसमोर बसून हाओत आमी. आज एकादशी हाय, दादा. माही सासू तर पाणीबी प्याले तयार नाई.”

“उठलं ना, बाई. मुठीत फूल घेऊन उठलं. तुमच्या केबलवाल्यानं काई घोटाळा केला असन.”

“उठलं?” आणि मग घरात कुणाला तरी ओरडून, “अवं आत्याबाई, उठलं म्हंतेत वो!” फोन ठेवला गेला.

पंजाबरावांना हसू आलं. माणसं अजून अशी ऐकतात, या विचारानं त्यांना बरंही वाटलं. तेवढ्यात पुन्हा घंटी वाजली. चांदूर बाजारहून कुणी म्हातारे गृहस्थ होते. तोच प्रश्न. केबलचं नाव काढताच म्हाताऱ्यानं झापलं, “आमच्या घरी छत्री हाय, केबल नाई.” तिसरा फोन अकोल्याहून आला, तेव्हा पंजाबरावांच्या चेहऱ्यावरचं हसू गेलं. रिसीव्हर बाजूला ठेवून ते स्टुडिओकडे धावले.

स्टुडिओतला टीव्ही त्यांनीच सकाळी वळवून ठेवला होता तसा, भिंतीकडे तोंड करून होता.

ही त्यांची जुनी सवय. कीर्तन उभं राहिलं की ते टीव्हीचं तोंड भिंतीकडे फिरवत. नवे लोक विचारत, “काका, हे काय?” तर म्हणत, “समोर महाराज उभे हायेत, देव ऐकून राहिला, आन् आपण त्याचं चित्र पाहत बसाचं? लग्नात नवरदेवाले पाठ करून त्याचा फोटो पाहाल काय?” लोक हसत आणि सोडून देत.

पंजाबराव जनवाहिनीच्या अमरावती केंद्रावर फ्लोअर मॅनेजर होते. म्हणजे कॅमेऱ्यासमोर जो उभा असेल त्याला सुरू कधी करायचं, आवरायचं कधी, हे खुणेनं सांगणारा माणूस. मंत्र्यांना ते बोटं दाखवत, कवींना पाटी दाखवत. कीर्तनकारांसाठी मात्र त्यांनी वेगळीच रीत बसवली होती. कीर्तनकाराला बोटं कशी दाखवायची? तो रंगात आलेला असतो, त्या रंगात बोट घालणं म्हणजे वाढलेल्या ताटात पाय देणं. म्हणून कॅमेऱ्याच्या बाजूला, प्रकाशाच्या कडेला, ते आरतीचं ताट घेऊन बसत. वेळ संपत आली की निरांजन लावत. महाराजांना ज्योत दिसे. मग ते कुठेही असोत, हलकेच वळण घेत आणि कथा घरी आणून पोचवत. ऐकणाऱ्याला कळतही नसे की घड्याळ मध्ये आलं होतं. गावोगावचे कीर्तनकार म्हणत, पंजाबराव बसलेला असला की वेळेची काळजी नाही.

जनवाहिनी सुरू झाली तेव्हा बडनेरा रोडवरचं कापूस खरेदीचं रिकामं गोदाम तिला मिळालं. कितीतरी वर्षं स्टुडिओच्या छतातून कापसाचे पुंजके गळायचे, निवेदिकेच्या केसांवर बसायचे. सरकारची वाहिनी होती; गरीब होती, पण आपली होती. बाजारभाव असत, वऱ्हाडी बोलीतली नाटकं असत, बायांना शिवणकाम शिकवत, आणि दर एकादशीला सकाळी तासभर थेट कीर्तन. मग वाहिनी तोट्यात आहे असं सरकारला कळलं. समिती आली, अहवाल आला, आणि एका सकाळी मंत्र्यांनी दीप लावून वाहिनीचं व्यवस्थापन कंपनीच्या हाती दिलं. मालकी सरकारचीच राहिली. नाव तेच, पडद्याच्या कोपऱ्यातलं राजचिन्ह तेच, पंजाबरावांचा पगारही सरकारीच. फक्त काय दाखवायचं आणि किती, ते कंपनी ठरवू लागली. नाटकं गेली. बाजारभाव पट्टीत धावू लागले. कॅमेरावाले एकेक करून घरी गेले. प्रक्षेपणाची कळसुद्धा अमरावतीहून उचलून दूर कुठल्याशा शहरातल्या यंत्राकडे नेली. कीर्तन तेवढं टिकलं, कारण एकादशीला म्हातारी माणसं टीव्हीसमोर बसतात आणि गुडघ्याच्या तेलवाल्याला नेमकी तीच माणसं हवी होती. तासाचा अर्धा तास झाला, एवढंच.

पंजाबरावांनी टीव्ही वळवला. बातम्या चालू होत्या. वरच्या कंट्रोल रूममधून पौर्णिमा जिना उतरून आली. इथले कॅमेरे जुळवून चित्र पुढं पाठवण्याचं काम तिचं. तिचे डोळे लाल होते.

“काका, पाच मिनिटं आधीच कापलं त्यायनं.”

“असं कसं कापलं? अर्धा तास होता ना!”

“रातीच ग्रुपवर मेसेज आला होता, आजपासून पंचवीस मिनिटं. तुमी पाह्यला नाई काय? आन् काउंटडाऊन येत होता ना जी टीवीवर! दोन मिनिटं उलटे आकडे फिरत होते. मी हेडफोनवर बोंबलून राहिली, काका, काका करून...”

पंजाबरावांनी मानेवर हात नेला. हेडफोन गळ्यात लोंबत होता. लेकराला साप डसला तेव्हा त्यांनी तो कानावरून काढला होता. तिथं ते नेहमीच काढत. माळीणबाईचं ते आख्यान महाराजांच्या घराण्यातलं, दुसरीकडं कुठं ऐकायला न मिळणारं. आणि त्या जागी कानात यंत्र घालून बसणं त्यांना जमत नसे.

“मंग उरलेलं तरी टेपवर असन?”

“रेकॉर्डिंगबी तिकडंच होते, काका. जेवढं दिसलं तेवढंच.”

ते खुर्चीवर बसले. कीर्तन ऐकणाऱ्या माणसाला सांगायला नको की आख्यान दुःखावर सोडता येत नाही. लेकरू मेलं तर ते उठवून मगच आरती. श्रोत्याला रडवायचं, पण रडका घरी पाठवायचा नाही. कीर्तनकाराला चक्कर आली तरी तो बसून, कुणाला धरून, तेवढं पुरं करतो. महाराजांनीही आज पुरं केलं होतं. घशाचा त्रास असून केलं होतं. नागपूरला त्यांचं ऑपरेशन ठरलेलं, स्वरयंत्र काढायचं होतं. डॉक्टरांनी लवकरची तारीख दिली तर म्हणाले होते, “एकादशी होऊ द्या, मंग कापा.” सकाळी रंगभूषा करताना पंजाबरावांचा हात धरून म्हणाले, “पंजाबा, आज शेवटचं हाय रे. ज्योत सांभाळून लावजो. लेकराले उठोल्याबिगर मले बंद नोको करू.”

“तुमी बिनघोर उभे राहा, महाराज,” पंजाबराव म्हणाले होते.

आणि महाराज आनंदानं गेले होते. मुलगा किशोर गाडी चालवत होता, मागं महाराज, गळ्यात हार. त्यांना यातलं काही ठाऊक नव्हतं. उद्या सकाळी सुरीखाली जाणाऱ्या माणसाला हे कळवायचं कसं? पंजाबरावांनी नाही कळवलं. ते पुन्हा स्वागतकक्षात जाऊन फोनजवळ बसले. दुपारपर्यंत त्यांनी दुसरं काम केलं नाही. “उठलं, माय.” “उठलं, बापू.” “हो जी, मी सोता पाह्यलं.”

दोन दिवसांनी विपुल आला. कंपनीचा कार्यक्रमप्रमुख, तिशीतला, पुण्याचा. वागायला वाईट नव्हता. पंजाबरावांनी त्याला खुर्ची दिली आणि उभं राहूनच सांगितलं, “सर, पाच मिनिटं पायजे. पुढच्या एकादशीले कीर्तन सुरू व्हाच्या आंधी. कोणीबी येऊन एवढं सांगू द्या, का महाराजानं आख्यान पुरं केलं होतं, लेकरू उठलं होतं. झालं.”

विपुलला आधी समजलंच नाही. समजलं तेव्हा तो हसला नाही. म्हणाला, “काका, गोष्ट तर सगळ्यांना माहीत असणार ना? शेवट गोड होतो म्हणून.”

“माहीत असते सर. तरी उठोलं लागते.”

“मी विचारतो वर. पण खरं सांगू? माझ्या हातात फक्त हा मोबाइल आहे. मलाही मेसेजच येतात.”

आठवड्याभरात मेसेज आला. एकादशीच्या कार्यक्रमाबद्दल तक्रारी वाढल्यामुळं पुढील सूचनेपर्यंत कीर्तन स्थगित. त्या जागी ग्रहरत्नांची माहिती. पौर्णिमानं तो मेसेज वाचून दाखवला आणि म्हणाली, “घ्या. तक्रार आपली, फाशीबी आपल्यालेच.” पंजाबराव उठले. आरतीचं ताट घासून त्यांनी कपाटात ठेवलं.

महिना उलटायच्या आत किशोरचा फोन आला. बोलू की नको असं त्याचं चाललं होतं.

“काका, ऑपरेशन चांगलं झालं. आवाज गेला थो गेला, त्याचं काई नाई. पण गावात भलतंच सुरू हाय. लोकं म्हणून राहिले, एकादशीले देवासमोर लेकरू मेलेलं ठिवलं, म्हणून देवानं गयातला आवाज घेतला. बाबा पाटीवर लिहून लिहून दाखोतेत, मी उठोलं होतं. कोणी मानत नाई. म्हंतेत, आमी सोताच्या डोयानं टीवीत पाह्यलं, सरकारी टीवी खोटं काहून दाखविन?” मग म्हणाला, “परवा बाबा गल्लीतून चालले होते, तर बाजूच्या बाळंतीणनं लेकरावर पदर घेतला. थे पाह्यल्यापासून बाबा बाहेर निंघत नाईत.”

पंजाबरावांनी रजा टाकली.

अकोटला एसटी बदलून ते महाराजांच्या गावी, हिवरखेडला उतरले. उत्तरेला सातपुडा धुरकट दिसत होता. महाराजांची फुलशेती गावाला लागूनच होती. शेवंती आणि झेंडू तोडायला आले होते, काही झाडावरच सुकले होते. घरापुढं महाराजांच्या पत्नी माणिकबाई फुलांच्या टोपल्या घेऊन बसल्या होत्या. त्यांनी पाणी दिलं आणि म्हणाल्या, “लग्नाच्या हाराले आता दुसऱ्याचे फुलं नेतेत, भाऊ. आमचे म्हणे नोको.” एवढंच बोलल्या. आवाजात तक्रारसुद्धा नव्हती.

महाराज आतल्या खोलीत बाजेवर होते. गळ्याला पांढरं फडकं. श्वास तिथूनच येई-जाई, बारीक शिट्टीसारखा. पंजाबराव बाजेजवळ जमिनीवर बसले आणि सगळं सांगितलं. मेसेज, आकडे, भिंतीकडे केलेला टीव्ही, गळ्यात लोंबणारा हेडफोन. “महाराज, मी त्या टीवीकडं पाह्यलं असतं, तर दोन मिनिटं आंधी ज्योत लागली असती. दोन मिनिटात तुमी धा लेकरं उठोले असते.”

महाराजांनी पाटी ओढली. खडू घेतला. मग लिहिलं : कीर्तनात टीवी पाह्यला असता तर तू पंजाबा नसता.

पंजाबरावांना ते वाचवेना.

दुपारी माळीपुऱ्यातल्या विठ्ठलाच्या देवळात एकादशीचं भजन होतं. किशोरनं वडलांना हात देऊन नेलं. भजन थांबलं. बायांच्या बाजूला कुजबुज झाली. महाराज खांबाला टेकून बसले, त्यांच्या दोन्ही बाजूंची जागा रिकामी राहिली. गावातले वयोवृद्ध भगवंतराव पेटीजवळ होते. त्यांना नमस्कार करून पंजाबराव म्हणाले, “मी अमरावतीच्या टीवी केंद्रातला. मले दोन शब्द सांगाचे हायेत.” आणि बसल्या जागीच सांगायला लागले.

भगवंतरावांनी ऐकून घेतलं. “म्हंजे टीवी सरकारचा नाई?”

“सरकारचाच हाय. पण चालवते कंपनी.”

“मंग कोपऱ्यात सरकारचा शिक्का काहून हाय?”

“तो तसाच ठिवला.”

“काहून पण?”

“मलेबी नाई समजलं, बावाजी.”

“आमाले त कोणी सांगतलंबी नाई,” मागून कुणीतरी म्हणालं. “डाव्या कोपऱ्यात थोच शिक्का, नाव थेच. आमी समजलो आपलाच हाय.”

“चूक माही हाय,” पंजाबराव म्हणाले. “घड्याळ सांभाळाचं काम माहं होतं. महाराजानं लेकरू उठोलं. माह्या डोयासमोर उठोलं.”

भगवंतरावांनी मान हलवली, पण ती मान्य केल्याची नव्हती. “तुमी खोटे दिसत नाई. पण हे असं बसून सांगणं म्हंजे चावडीवरची गोष्ट झाली. कीर्तनात मेलेलं लेकरू कीर्तनातच उठलं पायजे. देवासमोर उभं राहून. महाराजाले त आता बोलता येत नाई.” ते पंजाबरावांकडं वळले. “तुमाले येते काय थे आख्यान?”

पंजाबरावांनी ते कितीदा ऐकलं होतं, त्याला गणती नव्हती. पण आयुष्यभर ते प्रकाशाच्या कडेला बसले होते, त्याच्या आत कधी गेले नव्हते. सूर तर नव्हताच. त्यांनी महाराजांकडे पाहिलं. महाराज उठले, स्वतःच्या खांद्यावरचं उपरणं काढलं आणि पंजाबरावांच्या खांद्यावर टाकलं. मग परत खांबापाशी जाऊन बसले.

पंजाबराव देवाच्या डाव्या अंगाला उभे राहिले. पेटीवाल्यानं सूर धरला, तो त्यांना सापडला नाही. म्हणून साधंच बोलू लागले.

“तर माळीणबाई... लेकरू निजलं म्हणून तिनं त्याच्या आंगावर लुगडं टाकलं. निजलं नव्हतं. तिले माहीत होतं. पण देवाची काकडआरती खोळंबली होती. मी आता रडत बसली त हार कोण करन? म्हणून तिनं एकेक फूल घेतलं. सुई बोटात गेली. शेवंतीले रगत लागलं, थे फूल तिनं बाजूले ठिवलं. हार झाला. देवळात आली. देवाच्या गयात घालाले गेली, त देवानं तिचा हात धरला.”

इथं महाराज नेहमी गात. पंजाबरावांनी ते बोलूनच सांगितलं.

“देव म्हणे, हारात एक फूल कमी हाय. ती म्हणे, देवा, सगये गुंफले. देव म्हणे, नाई. फुलं तोडणारा पोरगा आला नाई आज. कुठी हाय थो? माळीणबाई कशीतरी म्हणाली, निजला हाय. देव म्हणे... देव म्हणे, मंग उठव त्याले.”

पंजाबरावांनी देवळाच्या दाराकडं तोंड केलं. “तिनं घराकडं तोंड केलं. हाक मारली. ऊठ रे बापू.”

खांबापाशी महाराजांनी हात वर केला आणि तळवा हलवला. मोठ्यानं म्हण, अशी खूण.

“ऊठ रे बापू!” पंजाबराव ओरडले. देवळाबाहेरची कबुतरं उडाली. “आन् लुगडं हाललं. लेकरू डोये चोळत बाहेर आलं. एका मुठीत त्याच्या शेवंतीचं फूल होतं, दुसऱ्या हातानं थे लुगडं वढत होतं. धावत देवळात आलं. फूल देवाच्या पायावर ठिवलं. आन् मायले म्हणे, माय, मले भूक लागली.”

बायांमध्ये कुणीतरी हुंदका दिला आणि लगेच हसलं. एका मांडीवरचं तान्हं लेकरू चळवळलं. आईनं त्याच्या तोंडावरचा पदर काढला आणि त्याला खांद्यावर घेतलं. भगवंतरावांनी टाळ उचलले, पेटी सुरू झाली.

आरती झाल्यावर रीतीप्रमाणं माणसं पाया पडायला आली. जो देवासमोर उभा राहून कथा सांगतो, त्याच्या पायावर डोकं ठेवायचं. तो कुठला, किती शिकलेला, लहान की मोठा, हे त्या दिवशी बघत नाहीत. पंजाबरावांना हे माहीत होतं, तरी ते ओशाळून उभे राहिले. भगवंतराव आले. मागून बाया आल्या. ज्या आल्या त्या पुढं खांबाकडं वळून महाराजांनाही वाकू लागल्या, तर महाराजांनी पाय पोटाशी ओढून घेतले आणि बोटानं पंजाबरावांकडं दाखवलं.

मग ते उठले. ओळीच्या शेवटी जाऊन उभे राहिले, गावातल्या चार माणसांसारखे, हातात एक सुटं फूल घेऊन. ओळ पुढं सरकत गेली तसे पुढं आले.

“महाराज, नोको,” पंजाबराव म्हणाले. “तुमी नोको.” ते मागं सरकले. मागं भिंत होती.

महाराजांनी एका हातानं गळ्यावरचं फडकं धरलं, दुसरा हात जमिनीवर टेकवला आणि वाकले.